गाण्याचे चौथे नाव

एखादे चित्रपटगीत कानाला गोड लागले की आपण तीन नावे विचारतो. गायिले कोणी, लिहिले कोणी आणि चाल कोणाची? मंडळी जाणती असतील तर राग कोणता हेही विचारतात. एवढे कळले म्हणजे गाण्याचा हिशेब चुकता झाला असे आपण मानतो. पण या हिशेबात एक रक्कम कायमची बाकी राहिलेली आहे. गाणे सुरू होण्यापूर्वी वाजणारा व्हायोलिनांचा ओघ, मुखडा संपून अंतरा येईपर्यंत बासरीने आणि सतारीने सांभाळलेली जागा, गायिका लांब स्वरावर थांबली असता मागून हलकेच वर येणारा चेलोचा सूर, हे सारे कोणी रचले? गायकाने नाही, कवीने नाही, आणि पुष्कळदा चाल बांधणाऱ्या संगीतकारानेही नाही. ते रचणारा एक चौथा माणूस असतो. धंद्यात त्याला अरेंजर म्हणतात, मराठीत संगीत संयोजक. त्याचे नाव आपण विचारत नाही, कोणी सांगत नाही, आणि म्हणून ते आपल्या स्मरणातही राहत नाही.

या माणसाविषयी आज लिहावेसे वाटते याला कारण आहे. मी सुरतेत गाणे शिकवतो. अलीकडे माझ्याकडे शिकून तयार झालेली मुले मैफलीच्या गादीवर बसण्याऐवजी चित्रपटाच्या आणि दूरदर्शन मालिकांच्या संगीत संयोजनाकडे वळू लागली आहेत. त्यांचे आईवडील मला विचारतात, "मास्तर, हा धंदा आहे की नुसता नाद?" प्रश्न साधा आहे, पण त्याचे उत्तर द्यायचे तर या पेशाचा मागला इतिहास ठाऊक हवा.

प्रथम काम काय असते ते पाहू. संगीतकार पेटी पुढे घेऊन बसतो आणि मुखडा व अंतरा गाऊन दाखवतो. संयोजक ती चाल लिहून घेतो. मग तो ठरवतो की आरंभी काय वाजावे आणि किती मात्रा वाजावे, दोन अंतऱ्यांच्या मधले 'पीस' कोणत्या वाद्यांनी भरावेत, आवाजाच्या पाठीमागे कोणता सूर धरावा आणि कुठे सर्वांनी गप्प राहून गळ्याला मोकळे सोडावे. हे झाले की प्रत्येक वाद्याचा कागद वेगळा लिहायचा. त्यातही खाचाखोचा असतात. नेहमीच्या वापरातले ट्रंपेट आणि क्लॅरिनेट कागदावर लिहिलेल्या स्वरापेक्षा एक पूर्ण स्वर खाली बोलतात, म्हणून त्यांचे कागद तेवढे चढवून लिहावे लागतात. आल्टो सॅक्सोफोनचे गणित आणखी निराळे. पूर्वी सगळे वादक एका दालनात बसून गायकाबरोबरच वाजवीत आणि ध्वनिमुद्रण एका दमात होई. पन्नासांपैकी एकाच्या कागदावर एक स्वर चुकला तरी सगळे पुन्हा पहिल्यापासून. एवढी जोखीम पत्करणारा माणूस श्रेयनामावलीत बहुधा 'सहायक' या शब्दाखाली येई, किंवा येतच नसे.

सुरतेत राहणाऱ्याला याचे जरीइतके जवळचे उदाहरण दुसरे सुचणार नाही. बनारसी शालू म्हटले की नाव बनारसचे होते, कांजीवरम म्हटले की कांचीचे. त्यातली जर पुष्कळदा सुरतेच्या कारागिराने ओढलेली असते. लुगडे अंगावर झळकते ते त्या जरीमुळे, पण ती कोणाच्या हातची हे विचारण्याची रीत नाही. गाण्याच्या बाबतीतही असेच होत आले.

हे संयोजक आले कुठून? लिहिलेल्या स्वरांवर वाजवणारे वादक मुंबईच्या चित्रपटसृष्टीला मुख्यतः गोव्याने पुरवले. पोर्तुगीज अमदानीत तिथल्या चर्चच्या शाळांतून मुलांना स्वरलेखन आणि व्हायोलिन शिकवीत. आपल्याकडे विद्या गळ्यातून गळ्यात जाते, त्यांच्याकडे ती कागदावरून हातात गेली. बडोद्याच्या वाचकांना हे फार परके वाटू नये. सयाजीराव महाराजांच्या आश्रयाने मौलाबक्ष यांनी 1886 साली बडोद्यात गायनशाळा काढली आणि आपल्या संगीतासाठी स्वरलिपी तयार करून तिच्यातून पाठ छापले. गाणे लिहिता येते आणि लिहून शिकवता येते, हा विचार या शहरात चित्रपट बोलू लागण्याच्या कितीतरी आधी रुजला होता. पुढे मुंबईत ज्या कौशल्यावर लाखोंचा व्यवसाय उभा राहिला, त्याचे एक बीज आपल्या अंगणात पडले होते. आपण त्याचे झाड होऊ दिले नाही, ही गोष्ट वेगळी.

गोव्याच्या या मंडळींत दोन नावे तरी प्रत्येक रसिकाला पाठ हवीत. पहिले सेबास्टियन डिसोझा यांचे. फाळणीपूर्वी ते लाहोरात बँड चालवीत. तिथून मुंबईस आले, ओ. पी. नय्यर यांच्यासाठी संयोजन केले आणि मग वर्षानुवर्षे शंकर-जयकिशन यांच्या गाण्यांचा वाद्यवृंद त्यांनी लिहिला. आरंभीच्या सुरावटीवरून गाणे ओळखू यावे, ही शंकर-जयकिशन यांच्या गाण्यांची ख्याती. त्या ख्यातीत डिसोझांच्या लेखणीचा वाटा फार मोठा आहे. तालाची बाजू दत्ताराम वाडकर या दुसऱ्या गोमंतकीयाने सांभाळली. ढोलकीवरचा त्यांचा एक ठेका तर वादकांत 'दत्ताराम ठेका' म्हणूनच ओळखला जातो. एवढे होऊनही पडद्यावर या दोघांची नावे 'सहायक' म्हणूनच येत.

दुसरे नाव अँथनी गोन्साल्विस. माजोर्ड्याचा हा व्हायोलिनवादक प्यारेलाल आणि राहुलदेव बर्मन या दोघांचाही गुरू. 1958 साली त्यांनी मुंबईच्या सेंट झेवियर्स महाविद्यालयाच्या प्रांगणात मोठा वाद्यवृंद जमवून भारतीय रागांवर आधारलेल्या स्वतःच्या रचना सादर केल्या आणि त्यात लता मंगेशकर व मन्ना डे यांना गायला लावले. पुढे साठच्या दशकात ते अमेरिकेला गेले आणि चित्रपटांतून दूर झाले. 1977 च्या 'अमर अकबर अँथनी'मध्ये प्यारेलाल यांनी गुरूचे नाव एका गाण्यात गुंफून घेतले. ते गाणे देशभर गल्लोगल्ली वाजले, आणि हे नाव एका हाडामांसाच्या संगीतकाराचे आहे हे ऐकणाऱ्यांतल्या फार थोड्यांना ठाऊक होते. 2012 साली त्यांचे निधन झाले. गुरुदक्षिणा पोचली, पण ती कोणाला पोचली हे लोकांना कळले नाही.

आता आपल्या भागाकडे येऊ. वर ज्यांचा उल्लेख झाला त्या जोडीतले जयकिशन सुरतेच्या दक्षिणेकडच्या वांसदा गावचे. 1929 साली ते जन्मले तेव्हा वांसदा हे सुरत एजन्सीतले एक लहान संस्थान होते. गाण्याच्या चाली दोघेही बांधीत, पण पार्श्वसंगीत हा जयकिशन यांचा खास प्रांत मानला जाई. गाण्याहून हे काम वेगळे असते. गाण्यात संगीत पुढे आणि चित्र मागे. पार्श्वसंगीतात चित्र ठरलेले असते आणि संगीताला त्याच्या मापात बसावे लागते.

हे माप फार काटेकोर असते. चित्रपटाच्या पट्टीवरून सेकंदाला 24 चित्रे सरकतात. लय मिनिटाला 120 मात्रांची धरली तर एका मात्रेत बरोबर 12 चित्रे येतात. नायिका वळून पाहते ते चित्र शंभरावे असेल तर मात्रा कुठे पडेल, आणि नेमकी तिथे पडावी म्हणून लय किती ओढावी वा सोडावी, हा हिशेब संयोजक मनात किंवा कागदावर करतो. आपल्याकडे दूरदर्शन आले ते सेकंदाला 25 चित्रांच्या मापाने. तिथे त्याच लयीत एका मात्रेला साडेबारा चित्रे येतात आणि सगळे गणित नव्याने मांडावे लागते. तबलजी समेवर येण्यासाठी तिहाईचा जो हिशेब करतो, तोच हा, फक्त सम दुसऱ्याने आधी ठरवून ठेवलेली असते. आमच्या परंपरेतल्या लयकारीच्या शिक्षणाला इथे भरपूर काम आहे, हे मी मुलांना मुद्दाम सांगतो.

मराठी मंडळीही या क्षेत्रात मागे नव्हती. सी. रामचंद्र पुणतांब्याचे. 1951 च्या 'अलबेला'त त्यांनी चिक चॉकलेट या गोमंतकीय ट्रंपेटवादकाला साथीला घेतले. चिक चॉकलेट आणि त्यांचे वादक त्या चित्रपटात पडद्यावरही दिसतात. वादकाला एवढा मान देणारे संगीतकार थोडे होते. 1955 साली पुणे आकाशवाणीवर 'गीतरामायण' सुरू झाले. त्यातला सुधीर फडक्यांचा आवाज आणि माडगूळकरांची शब्दकळा घराघरांत पोचली, पण तिथे व्हायोलिन धरून बसलेले प्रभाकर जोग किती जणांच्या ध्यानात होते? जोगांनी पुढे संयोजक म्हणून कितीतरी मराठी गाण्यांना रूप दिले. सुदैवाने त्यांच्या 'गाणाऱ्या व्हायोलिन'मुळे त्यांचे नाव तरी रसिकांपर्यंत आले. अनिल मोहिले आणि अरुण पौडवाल हे दोघे हिंदीतल्या मोठ्या संगीतकारांकडे संयोजनाचे काम करून तयार झाले. मग 'अनिल-अरुण' या जोडनावाने त्यांनी 1979 च्या 'अष्टविनायक'ला संगीत दिले. तेव्हा कुठे लोकांना त्यांची ओळख झाली. म्हणजे संयोजक म्हणून केलेल्या कामाला नाव मिळाले नाही, चाल बांधली तेव्हा मिळाले. हा क्रम आपल्या समजुतीवर बोट ठेवणारा आहे.

दूरदर्शनचेही एक उदाहरण घेऊ. 15 ऑगस्ट 1988 रोजी 'मिले सुर' हे एकात्मतेचे गीत प्रथम प्रक्षेपित झाले. पंडित भीमसेन जोशी, लता मंगेशकर, बालमुरलीकृष्ण हे चेहरे आणि आवाज सर्वांना आठवतात. पण तेरा-चौदा भाषा आणि तितकेच निरनिराळे ढंग एका गीतात असे जोडायचे की सांधा कुठे दिसू नये, हे काम अशोक पत्की आणि लुई बँक्स यांनी केले. त्याच सुमारास दूरदर्शनवर 'तमस' आणि 'भारत एक खोज' आले. त्यांचे संगीत वनराज भाटिया यांचे. लंडन आणि पॅरिस येथे शिकून आलेला हा संगीतकार आपला वाद्यवृंद स्वतः लिहू शके, आणि 'तमस'साठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. चाल बांधणारा आणि वाद्यवृंद लिहिणारा एकच असू शकतो हे खरे. पण असे संगीतकार हाताच्या बोटांवर मोजावे इतकेच झाले, आणि इतरांच्या नावावर जी कीर्ती जमा झाली तिच्यात दुसऱ्याचा वाटा होता हेही तितकेच खरे.

यावर कोणी म्हणेल, चाल हे बीज आहे, बाकीचा पालापाचोळा. बीज ज्याचे, झाड त्याचे. हा युक्तिवाद मला अर्धाच पटतो. चालीशिवाय गाणे नाही हे मान्य. पण चाल जशीच्या तशी ठेवून आरंभीची सुरावट आणि मधले पीस काढून टाका, आणि तेच गाणे घरी पेटीवर म्हणून पाहा. मंडळी ओळखतील, पण म्हणतील, "काहीतरी राहिले." जे राहिले ते चौथ्या माणसाचे. आणि गंमत अशी की आपण स्वतः गाणे गुणगुणताना मधले पीसही तोंडाने वाजवतो. म्हणजे आपल्या कानाने त्याला केव्हाच गाण्यात धरले आहे.

कायद्याने मात्र या बाबतीत चमत्कारिक खेळ केला. 1957 च्या कॉपीराइट कायद्यात संगीतकृतीची व्याख्या अशी होती की स्वररचना छापलेली, लिहिलेली किंवा अन्य रीतीने आलेखित असली पाहिजे. 1977 साली सर्वोच्च न्यायालयापुढे संगीतकार आणि चित्रपट निर्माते यांच्या हक्कांचा खटला आला, आणि मोबदला देऊन करवून घेतलेल्या संगीताचा हक्क सर्वसाधारणपणे निर्मात्याचा ठरला. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी आपल्या स्वतंत्र टिपणात खंत व्यक्त केली की कायद्याला कागदावरचा स्वर दिसतो, गाणाऱ्याचा गळा दिसत नाही. त्यांचे दुःख रास्त होते. पण कागदावर तो स्वर उतरवला कोणी, हा प्रश्न त्या वेळी कोणाला सुचला नाही. आपले बहुतेक संगीतकार चाल गळ्याने सांगत, आणि ती लिहीत असे संयोजक. ज्या लेखनावर सगळा हक्क उभा होता ते लेखन करणाऱ्यालाच हक्क नव्हता.

1994 च्या दुरुस्तीने लिहिण्याची अट गेली. आपल्या मौखिक परंपरेसाठी हे योग्यच झाले. 2012 च्या दुरुस्तीने कवी आणि संगीतकार यांना स्वामित्वधनाचा वाटा मिळाला, आणि गायक-वादकांच्या पदरातही काही हक्क पडले. संयोजकाला मात्र स्वतःचे घर मिळाले नाही. कायद्यात 'संयोजन' येते ते 'रूपांतर' या व्याख्येच्या पोटात, आणि रूपांतराचा अधिकार मूळ कृतीच्या मालकाचा. तात्पर्य, संयोजकाला जे काही मिळवायचे ते करारानेच मिळवावे लागते.

आपल्या जुन्या घराण्यांतून दुसरा एक आक्षेप नेहमी ऐकू येतो. वाद्यवृंदाने राग नासवला, हे विलायती स्वरमेळ आपल्या गाण्याला मानवत नाहीत, असे म्हणतात. आक्षेप अगदी निराधार नाही. मालकंसातल्या चालीखाली एखादा अडाणी संयोजक षड्ज-गांधार-पंचम असा नेहमीचा मेळ घालतो आणि वर्ज्य असलेला पंचम घरात घुसतो. मालकंस तिथेच संपला. पण जाणता संयोजक काय करतो? तो मध्यम, कोमल धैवत आणि षड्ज यांचा मेळ घेतो. तिन्ही स्वर मालकंसाचे, आणि रागाच्या जीवस्वराला, मध्यमाला, उलट आधारच मिळतो. दोष पद्धतीचा नसून अर्धवट शिक्षणाचा आहे. ज्याला राग येतो त्याला लेखन येत नाही आणि ज्याला लेखन येते त्याला राग येत नाही, अशी आजवर फारकत होती. ती मोडायची असेल तर आपल्याच शिकलेल्या मुलांनी या कामात गेले पाहिजे. रागाची काळजी असणाऱ्यांनी मुलांना यापासून दूर ठेवावे हे तर्काला धरून नाही.

आता त्या आईवडिलांच्या प्रश्नाकडे वळतो. मुंबईतले ते पन्नास-साठ वादकांचे ताफे राहिले नाहीत. 1983 साली इलेक्ट्रॉनिक वाद्यांना एकमेकांशी आणि संगणकाशी बोलता येईल अशी सामाईक भाषा ठरली, आणि पुढल्या दहा-पंधरा वर्षांत एकेका यंत्राने व्हायोलिनांची रांगच्या रांग उठवली. अनेक थोर वादकांना घरी बसावे लागले, हे या बदलाचे दुःखद अंग. पण त्याच बदलामुळे हे काम मुंबईबाहेर आले. आज अडाजणच्या एखाद्या सदनिकेत बसून संगणक, कळफलक आणि कानाला हेडफोन एवढ्या सामग्रीवर चित्रपटाचे पार्श्वसंगीत तयार होऊ शकते. 2019 चा 'हेल्लारो' हा गुजराती चित्रपट सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार घेऊन गेला. त्याचे संगीतकार मेहुल सुरती हे इथलेच, सुरतेचे. म्हणजे धंदा आहे आणि दारापर्यंत आलेला आहे.

पण जुनी खोड गेलेली नाही. माझ्याकडे आठ वर्षे शिकलेला एक मुलगा आहे. वडील कापड बाजारात, घर तीन पिढ्या सुरतेत. त्याने एका मालिकेचे पार्श्वसंगीत तीन महिने रात्री जागून केले. मालिकेच्या कामात उसंत नसते. आज चित्र यायचे, उद्या संगीत द्यायचे. मालिका लागली तेव्हा घरची सगळी मंडळी जमून बसली. नावे सरकत गेली आणि याचे नाव आले नाही. त्याने विचारले तेव्हा उत्तर मिळाले, "पैसे मिळाले ना तुला?" पैसे मिळाले होते. त्याची आई मला म्हणाली, "पैशाचे काही नाही हो, पण आजीला दाखवायचे होते." त्या माउलीचे म्हणणे भाबडे समजू नये. पुढचे काम मिळते ते मागच्या नावावर. नाव नाही म्हणजे दर वेळी पहिल्या पायरीवरून चढणे. पंधरा वर्षे काम करून ज्याच्याजवळ दाखवायला एक ओळ नाही, त्याच्या कामाला पेशा कसे म्हणावे?

माझे वडील विलीनीकरणापूर्वीच्या शेवटच्या काळात, मिसरूड फुटण्याच्या वयात, दरबारच्या नोकरीत होते. मी त्यांचा उतारवयातला मुलगा. ते सांगत की मैफलीत साथीदार मागे बसे, त्याची वाहवा कमी होई, बिदागीही कमी, पण कलावंत कारखान्याच्या पगारपत्रकात सारंगियाचे नाव गवयाच्या नावासारखेच स्वच्छ अक्षरात लिहिलेले असे. मानमरातबाच्या उतरंडीने बांधलेल्या संस्थानी कारभाराला जे साधले, ते समतेच्या गोष्टी सांगणाऱ्या आजच्या व्यवसायाला साधू नये याचे मला नवल वाटते.

म्हणून मी पालकांना सांगतो ते असे. मुलाला या कामात जरूर जाऊ द्या, पण तीन गोष्टी पदरी असल्याशिवाय नको. पहिली, राग आणि ताल यांचे पक्के शिक्षण, निदान सात-आठ वर्षांचे. यंत्र कोणालाही विकत मिळते, कान मिळत नाही. दुसरी, पाश्चात्त्य स्वरलेखनाचे पुरते ज्ञान. संगणक लिहून देतो म्हणून स्वतः लिहायला शिकू नये, असे समजणारा मुलगा खऱ्या वादकांपुढे उभा राहिला की गोंधळतो. तिसरी, कामाला हात लावण्यापूर्वी कागदावर करार, आणि त्यात मोबदल्याच्या रकमेइतक्याच स्पष्ट शब्दांत 'संगीत संयोजन' या मथळ्याखाली नाव देण्याची अट. ओळखीच्या माणसाकडे करार कसा मागायचा, असा संकोच आपल्या लोकांना फार. माझा अनुभव असा की हा संकोच समोरच्याला कधी नसतो.

आणि रसिकांना? त्यांच्याकडे मागणे आणखी थोडे आहे. आपल्या मंडळांतून कोजागिरीला, गणेशोत्सवात, दिवाळी पहाटेला जुन्या गाण्यांचे कार्यक्रम होतात. निवेदक कवीविषयी बोलतो, संगीतकाराच्या आठवणी सांगतो, गायिकेला वंदन करतो. त्याने प्रत्येक गाण्याला संयोजकाचेही नाव सांगावे. ठाऊक नसेल तर शोधून काढावे. आणि त्या संध्याकाळी मंचावर कळफलकापुढे बसलेला जो कोणी मुलगा तो सगळा वाद्यवृंद दोन हातांत सांभाळत असेल, त्याचेही नाव घ्यावे. जुन्या तबकडीच्या लहानशा गोल चिठ्ठीवर चौथ्या नावाला जागा नव्हती, असे एक वेळ म्हणता येईल. आता गाणी मोबाइलवर ऐकतात आणि तिथे जागेची अडचण नाही. अडचण आहे ती विचारणाऱ्याची. श्रोते नाव विचारू लागले की छापणारे ते छापू लागतात, हे वर्तमानपत्र वाचणाऱ्या आपल्यासारख्यांना वेगळे सांगायला नको.

सेबास्टियन डिसोझा आणि अँथनी गोन्साल्विस यांना आपला हा मान आता पोचायचा नाही. अडाजणच्या त्या मुलाला अजून पोचू शकतो. त्याची नवी मालिका येत्या काही महिन्यांत लागेल. या खेपेला करार झाला आहे, मी स्वतः वाचून पाहिला आहे.